पोर्तुगाल पाहिलेला माणूस

आबासाहेब झांबरे पोर्तुगालला कधीही गेला नव्हता, ही गोष्ट अख्ख्या दोह्यात एकट्या मला माहीत होती. बाकी सगळ्यांचा समज नेमका उलटा. डॉक्टर, इंजिनियर, बँकवाले, असली बडी माणसं मुशेरिबमधल्या आमच्या ट्रॅव्हल एजन्सीत यायची आणि दारातूनच विचारायची, "तो पोर्तुगालवाला कुठंय?" समोरच्या टेबलाशी मी बसलेला असायचो. चार भाषा येणारा, टायपिंग आणि टेलेक्स दोन्ही सांभाळणारा, दाभोळचा जहूर. माझ्याकडे कुणी ढुंकून बघायचं नाही. आबा मात्र कॉलर सारखी करून उठायचा आणि खुर्ची पुढे सरकवायचा. मला अशी चीड यायची म्हणून सांगू!

आणि सगळ्यात जास्त चीड कशाची, तर त्याला पोर्तुगालवाला मीच केलं होतं.

आबा सांगली जिल्ह्यातला, तासगावजवळच्या सावळजचा. बी. कॉम. झालेला, मिशा भरघोस, बोलणं गावचं. सत्त्याहत्तर साली माझ्या आधी तीन महिने दोह्याला आला. तिथल्या नजमा भागात एका खोलीत आम्ही सहा जण राहायचो, त्यात माझी आणि आबाची खाट शेजारी-शेजारी. गडी एकदम सोवळा. दारू सोडा, सुपारीचं खांडसुद्धा तोंडात टाकायचा नाही. दुधाच्या पावडरीचे रिकामे डबे खिडकीत मांडून त्यात कोथिंबीर आणि मिरच्या लावायचा आणि एसीचं ठिबकणारं पाणी बादलीत धरून त्यांना घालायचा. बाकीचे चौघे त्याला हसायचे आणि आमटीत कोथिंबीर मात्र त्याचीच तोडायचे.

त्याच्या वडिलांची दोन एकर द्राक्षबाग होती. वडील गेले, वाटण्या झाल्या, आणि हा इकडे येऊन सहा महिने होताहेत तोवर थोरल्या भावाने बाग काढून तिथे ऊस लावला. आबाला ते पत्राने कळलं.  संध्याकाळी मला एवढंच म्हणाला, "चौदा वर्षांची बाग, जहूरभाई. म्हातारी झाली म्हणं. चौदा वर्षांत कुणी म्हातारं हुतंय व्हय?" मी म्हटलं, बकरी होते. त्यावर तो माझ्याशी दोन दिवस बोलला नाही.

अठ्ठ्याहत्तर साली लिस्बनच्या एका सहलवाल्या कंपनीशी आमच्या मालकाचं जमलं. त्यांच्याकडून रंगीत पत्रकांचं खोकं आलं. वर मोठ्या अक्षरात छापलेलं, एक दिवसाची खाजगी सहल, पोर्तुगीज वाइन, जेवण आणि संस्कृती. आत प्रत्येक पानावर बाटल्या. आडव्या बाटल्या, उभ्या बाटल्या, पिंपाला टेकलेल्या बाटल्या. एका पानावर तर चर्चचा फोटो होता, तिथेही पायरीवर एक बाटली ठेवून दिलेली!

आमचे मालक बू नासर. साठीचे, मनाने मोठे, तरुणपणी मुंबईला मोत्यांच्या व्यापारात होते, त्यामुळे हिंदी पायधुणीची. त्यांनी पत्रक चाळलं, कपाळाला हात लावला आणि हुकूम दिला, "बाटली नहीं दिखने का. बाकी सब दिखने का."

झालं. चारशे पत्रकं, दर पत्रकात अकरा बाटल्या. पांढऱ्या कागदाच्या चिकटपट्ट्या कापायच्या आणि एकेका बाटलीवर डकवायच्या. हे पुण्यकर्म माझ्याकडे आलं, कारण काय हराम आणि काय नाही हे मला जास्त कळतं असं मालकांचं मत. आबाला माझा मदतनीस केलं. पाच दिवस आम्ही बाटल्या झाकत होतो. आणि परिणाम काय? जो येईल तो पत्रक हातात घ्यायचा आणि नखाने पट्टी खरवडून खाली काय आहे ते बघायचा. एवढं मन लावून वाचलेला कागद मी उभ्या जन्मात दुसरा पाहिला नाही.

त्या पट्ट्या चिकटवताना सातव्या पानावर आबाचा हात थांबला. मी म्हटलं, "बाटली आहे का? नाही ना? मग पलट, यल्ला." तो पलटेना. पानावर एक द्राक्षाची वेल होती. वेल कसली, खोडच. माणसाच्या मांडीएवढं जाड, काळं, पीळ पडलेलं, आणि वर चार हिरवी पानं. खालचं इंग्रजी मी वाचून दाखवलं, "शंभर वर्षांहून जुनी वेल, आजही फळ देते."

"शंभर?" आबा म्हणाला.

"शंभर."

"पुन्यांदा वाच."

मी पुन्हा वाचलं. त्याने ते पत्रक खिशात घातलं. दुपारी बारा ते चार कचेरी बंद असायची, त्या वेळात खोलीवर खाटेवर पडून तो तेच पान बघत होता. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "आपल्याकडं पंधरा वर्सांत वेल काढत्यात. ह्यांनी शंभर वर्सं कशी ठिवली? काय घालत्यात बुडात? एकदा जाऊन बघाया पायजे गड्या. हात लावून बघाया पायजे."

माणसं मक्केला जायची स्वप्नं बघतात, लंडनला जायची बघतात. हा एका झाडाला हात लावायला युरोपात निघाला होता. मी म्हटलं, झोप आता, चारला कचेरी उघडायचीय.

आता ते खोटं कसं सुरू झालं ते सांगतो. पत्रकं टेबलावर लागली, लोक यायला लागले. पण दोहा म्हणजे सगळी बाहेरून आलेली माणसं. कागदावर कुणाचा विश्वास नाही. नोकरीच्या कागदावर लिहिलेलं एक आणि इथे उतरल्यावर निघालेलं दुसरं, हे ज्याच्या-त्याच्या वाट्याला आलेलं. त्यामुळे प्रत्येकाचा पहिला प्रश्न हाच, "तुम्ही स्वतः पाहिलंय का?" आबा हरिश्चंद्राचा अवतार. म्हणायचा, "नो सर." गिऱ्हाईक उठून जायचं. असे तीन गेले. चौथा गेला तेव्हा बू नासर आबाच्या खुर्चीकडे असे बघायला लागले की मलाच धडकी भरली. पोर्तुगालचं टेबल आबाचं होतं. ते चाललं नसतं तर आबाची रवानगी सावळजला, भावाच्या उसात.

मी त्याला दुपारी जेवताना झापला. "पाहिलंय म्हण की! तुझ्या बापाचं काय जातंय?"

"खोटं कसं बोलू?"

"द्राक्षबाग पाहिलीयस ना? मग तीच सांग. द्राक्ष ते द्राक्ष. दोह्याला यायच्या आधी दोन हंगाम तिथल्या बागेत कामाला होतो म्हण. कुणी पासपोर्टाचं काढलंच तर म्हण, तो जुना होता, संपला."

एवढं सगळं मी बसल्या जागी रचलं, तोंडातला घास न थांबवता. आपण त्यात हुशार. अल्लाने ते डोकं चांगल्या कामाला दिलं असणार, पण तेव्हा समोर आबाच होता.

दुसऱ्या दिवशी एक इराकी डॉक्टरीणबाई आल्या. विचारलं, तुम्ही पाहिलंय? आबाने घाम पुसला, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "येस मॅडम." आणि मग तो जो सुटला! पहाटे दव असताना बागेत कसं शिरायचं. घड तोडताना मण्यांना बोट लागू द्यायचं नाही, नाहीतर त्यावरची पांढरी लव पुसते आणि माल जुना दिसतो. देठाला धरायचं, कात्री तिरकी लावायची. बायका डोक्यावर पाट्या घेऊन कशा ओळीने येतात, मांडवाखाली ऊन कसं ठिपक्याठिपक्यांनी पडतं, आणि दुपारी बांधावर बसून जाड भाकरी नि कांदा खाताना वारा कसा लागतो. भाकरीला त्याने ब्रेड म्हटलं, एवढाच काय तो पोर्तुगाल. बाकी अख्खं सावळज त्याने त्या बाईंच्या पुढ्यात ओतलं. बोलताना त्याचे डोळे भरले. बाईंनी तिथल्या तिथे तिकीट काढलं.

मला वाटलं, परत आल्यावर ही बाई आपल्याला उभं जाळणार. तिथे ना मांडव ना पाट्या. पण बाई परत आल्या त्या मिठाईचा डबा घेऊन! म्हणाल्या, "अगदी तुम्ही सांगितलं तस्संच होतं." आता हे कसं झालं ते मला विचारू नका. खर्च करून गेलेला माणूस, आपण बघितलं ते वेगळंच होतं, असं सहसा कबूल करत नाही. नंतर आलेल्या एकानेही केलं नाही.

मग काय! आबाची गाडी सुसाट. जेवणाचा भाग त्याला कठीण जायचा, कारण तिथे खारवून वाळवलेला कॉड नावाचा मासा देतात आणि तासगावच्या माणसाला वाळवलेलं म्हणजे बेदाणा माहीत. मी सांगितलं, सुका बोंबील समज, फक्त म्हशीएवढा. संस्कृतीच्या भागात एक बाई काळी शाल पांघरून दुःखाचं गाणं म्हणते असं पत्रकात होतं. आबा एका इंग्रज इंजिनियरला फोनवर सांगत होता, "व्हेरी गुड क्राइंग, सर. फुल वन अवर." शिवाय त्याने स्वतःच्या अकलेने एक भर घातली. लिस्बनला टेलेक्स करून कळवलं की आमच्या गिऱ्हाइकांना जेवणानंतर झाडाखाली एक तास झोप पाहिजे. तिकडून नुसती तीन प्रश्नचिन्हं आली. मग मान्य केलं. पुढे हीच झोप सहलीतला सगळ्यात उत्तम कार्यक्रम ठरली. एक कतारी गृहस्थ, ज्यांना वाइन वर्ज्य, मासा नको आणि गाणं कळेना, त्यांनी फक्त त्या झोपेसाठी दोनदा तिकीट काढलं.

पाच वर्षं हे असं चाललं. बू नासर पाहुण्यांना घेऊन यायचे आणि आबाच्या खांद्यावर हात ठेवून सांगायचे, "ये आदमी पोर्तुगाल में काम किया. अपनी आँख से शूफ किया." आबा खाली मान घालायचा. लोकांना वाटायचं, काय विनय!

आणि माझ्याशी मात्र तो दर दोन-तीन महिन्यांनी तेच काढायचा. "जहूरभाई, वेल खरंच आसंल का तिथं? का फोटूतच हाय?" जाऊन आलेल्या गिऱ्हाइकांना तो विचारू शकत नव्हता ना! ज्याने दोन हंगाम तिथे काढले तो कसा विचारणार? एकदा धीर करून एका बँकवाल्याला म्हणाला, "ती जुनी वेल अजून आहे का?" बँकवाला म्हणाला, "तुम्ही सोडलीत तशीच आहे." आबाच्या त्या दिवशीच्या तोंडाकडे मला बघवलं नाही.

त्र्याऐंशीच्या ऑगस्टमध्ये लिस्बनहून पत्र आलं. धंदा चांगला दिल्याबद्दल त्यांनी एजन्सीच्या एका माणसाला फुकट बोलावलं होतं. जाणं-येणं, हॉटेल, आणि ती एक दिवसाची खाजगी सहल. सप्टेंबरात, ऐन तोडणीच्या हंगामात. पत्र मीच उघडलं. मीच आबाला दाखवलं. त्याने ते उभ्यानेच वाचलं आणि मग खुर्चीवर बसला.  नंतर म्हणाला, "तोडणी चालू आसंल."

संध्याकाळी बू नासर आले. पत्र ऐकलं, खूश झाले, चहा मागवला आणि आम्हा दोघांना समोर बसवलं. "कोण जाणार?" स्वतःच विचारलं आणि स्वतःच उत्तर दिलं. "आबा तो सब शूफ किया. दो साल उधर रहा. जहूर ने कुछ नहीं देखा. जहूर जाएगा. दोनों देखेगा तो दुकान को अच्छा." बोलणं सरळ, हिशेब न्याय्य. त्यात खोट काढायला जागाच नाही.

आबा उभा राहिला.  म्हणाला, "अरबाब, मैं झूठ बोला. मैं कभी पोर्तुगाल नहीं गया. एक दिन भी नहीं."

  आता याची नोकरी गेली असं मला वाटलं.

बू नासर त्याच्याकडे बघत राहिले आणि मग असे हसले, असे हसले की त्यांचा चहा सांडला. "शैतान! दुबारा जाने का है, इसलिए बोलता है नहीं गया! पाँच साल सबको बोला, डॉक्टर को बोला, मेरे भाई को बोला. अब फोकट का टिकट आया तो नहीं गया?"

"खुदा की कसम, अरबाब. पासपोर्ट देखो."

"पासपोर्ट तेरा नया है, तू ही बोला."

मग ते माझ्याकडे वळले. हसूनच विचारलं, "जहूर, तू बोल. ये गया था कि नहीं?"

आता बघा. मला फक्त एक शब्द बोलायचा होता. नाही. तो बोललो असतो तर आबाला झापणी बसली असती, कदाचित नोकरीही गेली असती, मी मनाला हेच सांगितलं. मित्राची नोकरी वाचवतोय मी, असं सांगितलं. पण खरं सांगतो, त्या क्षणी माझ्या डोळ्यांसमोर आबाची नोकरी नव्हती. विमानाची खिडकी होती. मी सहा वर्षं लोकांची तिकिटं टाइप केली होती आणि दाभोळ, मुंबई, दोहा यापलीकडे काही पाहिलं नव्हतं. मी म्हणालो, "मला काय माहीत, अरबाब? मी आलो तेव्हा हा इथेच होता."

शब्द न् शब्द खरा. आबाने माझ्याकडे बघितलं आणि खाली बसला. बू नासरनी त्याच्या पाठीवर थाप मारली, "शैतान आदमी!" आणि ते हसत हसत गाडीत जाऊन बसले.

खोलीवर तो माझ्याशी भांडेल अशी माझी तयारी होती. मी चार उत्तरंही जुळवून ठेवली होती. तो भांडलाच नाही. त्याने तिकिटाच्या रिकाम्या पाकिटावर पेन्सिलीने काहीतरी लिहिलं आणि माझ्या हातात दिलं. "एवढं इचारून ये." वर लिहिलेलं, खोडाचा घेर किती. बुडात काय घालतात. छाटणी कधी. आणि शेवटी, हात लावून बघणे.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी पाकीट घडी करून पासपोर्टात ठेवलं आणि म्हटलं, "विचारतो की. त्यात काय?"

गेलो. आता माझी खाजगी सहल ऐका. सकाळी नऊला हॉटेलखाली गाडी. गाईड आणि मी, बस्स. दारू न पिणाऱ्या एका माणसासाठी अख्ख्या दिवसाची वाइनची सहल! आधी तळघर. आत पिंपांची रांग आणि तो वास. मी दारातच उभा राहिलो. गाईड बिचारा आतून ओरडून पिंपांची वर्षं सांगत होता आणि मी बाहेरून "ओके, ओके" करत होतो. मग जेवण. मासा आला. अहो, आमच्या दाभोळला असला खारा मासा बायका अंगणात वाळत घालतात आणि त्यावरून कावळे हाकतात. तो खायला मी दोन विमानं बदलून गेलो होतो. त्यानंतर एक तास झोप. आबाची झोप! ती मात्र मी मनापासून घेतली, तासाची दोन तास केली, गाईडला उठवू दिलं नाही.

त्या झोपेने घात केला. बागेत पोचलो तेव्हा साडेपाच वाजले होते, आणि लिस्बनची दुकानं सातला बंद. रुकैयाने, म्हणजे माझ्या बायकोने, पत्रात बजावलं होतं की येताना टेबलावर घालायची लेस आणा, दाभोळात कुणाकडे नाही असली. माझं सगळं लक्ष घड्याळात. गाडी बांधाला थांबली. गाईड उतरून पुढे गेला आणि एका खोडावर हात ठेवून मला बोलवायला लागला. गाडीपासून तीस पावलं असेल. मधे चिखल होता, द्राक्षांचा लगदा पडला होता, आंबूस वास येत होता, आणि माझे बूट नवे. मी गाडीच्या खिडकीतूनच हात हलवला आणि ओरडलो, "आय सीन, आय सीन! व्हेरी गुड! शॉप, प्लीज!" तो दोन मिनिटं तसाच उभा राहिला. मग आला आणि मुकाट्याने गाडी चालू केली.

लेस मिळाली. रंग ऑफ-व्हाइट.

पाकिटाची आठवण मला परतीच्या विमानात झाली, पासपोर्ट काढताना. तेव्हा मग पेन घेऊन बसलो. घेर किती? फोटोत खोड मांडीएवढं होतं, लिहिलं दोन हात. छाटणी कधी? लिहिलं जानेवारी. बुडात काय घालतात? हे अडलं. शेवटी आठवलं, आमची आई माडाच्या बुडात चुलीची राख घालायची. लिहिलं राख.

खोलीवर पोचलो तर आबा वही घेऊन बसलेला. मी आधी गाण्याचं सांगितलं, माशाचं सांगितलं. तो म्हणाला, "ते ऱ्हाऊ दे. वेल हाय का?"

"आहे."

"बघितलीस?"

"बघितली." एवढं तरी खरं होतं. तीस पावलांवरून का होईना.

"हात लावलास?"

"लावला."

"कशी लागती?"

मी त्याच्या तोंडाकडे बघितलं आणि म्हणालो, "खरखरीत. आणि जरा गरम. उन्हाची."

त्याने डोळे मिटले. मग एकेक विचारलं आणि एकेक लिहून घेतलं. राख म्हटल्यावर तो एकदम उठून उभाच राहिला. "राख! आरं बरोबर हाय की! राखंत पालाश आसतंय. पालाशानं खोड टणक हुतंय. आपली येडी मानसं नुसता युरिया टाकत्यात, वेल फुगती आन् पंधरा वर्सांत मरती." माझ्या आईच्या चुलीतल्या राखेला त्याने अर्ध्या तासात अख्खं शेतकी शास्त्र जोडून दिलं. मी मान हलवत होतो. त्याने शेवटी वही मिटली आणि माझा हात धरला. "जहूरभाई, तू गेलास ते बरं झालं. मी गेलो आसतो तर येड्यागत नुसता बघत बसलो आसतो."

पंच्याऐंशीला आबाने नोकरी सोडली. कुणी काढला नाही. बू नासरनी रडत निरोप दिला, "पोर्तुगालवाला गया, खलास." त्याचं टेबल माझ्याकडे आलं. आता गिऱ्हाईक मला विचारतं, तुम्ही स्वतः पाहिलंय? मी छाती काढून सांगतो, पाहिलंय. आणि मग पहाटेचं दव, तिरकी कात्री, पाट्या, मांडव, सगळं आबाचंच बोलतो. मला खरं विचाराल तर मी पाहिलेल्या पोर्तुगालात सांगण्यासारखं काहीच नव्हतं.

गेल्या महिन्यात, अठ्ठ्याऐंशीच्या मार्चात, सावळजहून पत्र आलं. भावाकडून त्याने परड्यातली चार गुंठे जागा मागून घेतली होती आणि तिथे एकच वेल लावली होती. एकच. लोक हसतात, लिहितो. बायको विठाबाई चुलीची राख रोज डब्यात भरून ठेवते, आणि मुलाला ताकीद आहे की बाप मेला तरी राख चुकवायची नाही, म्हणजे नातवाच्या नातवाला वेल बघायला मिळेल. यंदा तिला पहिली फळं आली. पुढे लिहिलं होतं, "एकच शंका हाय. तिथल्या मानसानं राख छाटणीच्या आधी घालाया सांगितली का नंतर? वहीत लिवायचं ऱ्हायलं. नीट आठवून कळव. हितं इचाराया कुणी न्हाई. तू डोळ्यांनी बघून आलायस, म्हनून तुला इचारतो."

ते पत्र मी सहा दिवस खिशात घेऊन फिरलो. दोनदा खरं लिहायला बसलो. जहूरने वेलीला हात लावला नाही, राख त्याच्या आईची, सगळं. दोन्ही वेळा कागद फाडला. शेवटी काल कचेरीच्या लेटरहेडवर, नीट टाइप करून, उत्तर पाठवलं.

नंतर घालायची, असं लिहिलं.